लिफ्टमधली अर्धी आरती

आमच्या लिफ्टला आरती शिकवली ती मी. हे आधीच कबूल करून टाकतो, कारण पुढचं वाचून कुणीतरी मला हिरो समजेल आणि आमच्या विंगमधल्या कुणालाच ते सहन होणार नाही. बायकोला तर नाहीच.

जुईनगरला अकराव्या मजल्यावर आम्ही तिघं राहतो. मी, बायको आणि पंधरा वर्षांची मुलगी. गेल्या वर्षी सोसायटीने जुनी लिफ्ट मोडीत काढून नवी बसवली, तेव्हा सेक्रेटरी मी होतो. आजही मीच आहे. दुसरं कुणी व्हायला तयार नाही, त्यामुळे मला काढताही येत नाही. लिफ्ट बसवणारा म्हणाला, "सर, लिफ्ट चालू झाली की आत म्युझिक वाजतं. वाढदिवसवाली धून ठेवू?"

"रोज कुणाचा वाढदिवस?" माझ्यातला सांस्कृतिक माणूस जागा झाला. तो वर्षातून फार तर दहा दिवस जागा असतो, पण तेवढ्यात नुकसान करूनच झोपतो. मी घरी बसून बासरीवरची आरतीची धून शोधली, मेमरी कार्डात भरली आणि ते कार्ड माझ्या हाताने लिफ्टच्या पॅनेलमध्ये खोचलं. मजल्यांचे आकडे मराठीत बोलतील अशी सेटिंगही करून घेतली. उद्घाटनाला नारळ फुटला, पेढे वाटले. आमचे चेअरमन इथल्याच गावातले, ज्यांच्या शेतात आज आमचे टॉवर उभे आहेत त्यांच्यापैकी. ते आत शिरले, आरती ऐकली आणि माझ्या पाठीवर थाप मारून म्हणाले, "सेक्रेटरी, काम केलास! आता देवाच्या दारात उभं राहिल्यासारखं वाटतंय."

मी दोन दिवस जमिनीवर नव्हतो. लिफ्टमध्येच होतो.

एक बारीक गोष्ट माझ्या लक्षात आली नव्हती. धून लिफ्ट हलली की सुरू व्हायची आणि दार उघडलं की तुटायची. पुढच्या मजल्याला पुन्हा पहिल्यापासून. अकराव्यावरून थेट तळाला आलात तरी पहिलं कडवं संपत नसे. मध्ये नववा, सहावा, तिसरा असे थांबे लागले, तर त्याच चार सुरांनी चारदा सुरुवात आणि चारदा गळा दाबल्यासारखा शेवट. तिसऱ्या मजल्यावरच्या काकू सुरुवातीला डोळे मिटून हात जोडायच्या आणि आपला मजला चुकवून पाचव्यावर उतरायच्या.

पाचव्या दिवशी मुलगी लिफ्टमधून बाहेर आली ती दोन्ही कान दाबूनच. दुधाची पिशवी तिने लिफ्टमध्येच टाकली होती. त्या दिवसापासून ती लिफ्टमध्ये गेली नाही.

आता ते दूध म्हणजे काय, हे सांगायला हवं. ती ऑटिस्टिक आहे. आपल्याकडे याला स्वमग्न म्हणतात. हा शब्द ज्याने काढला त्याने आमच्या घरी येऊन चार दिवस राहावं. ती स्वतःत मग्न नसते, अख्ख्या विंगमध्ये मग्न असते. चौथ्या मजल्यावरचा मिक्सर, शेजारच्या घरातल्या ट्यूबलाइटची गुणगुण, जिन्यात कुणी कोणता साबण लावून गेलं ते, हे सगळं तिच्याकडे एकाच वेळी पोचतं. स्वतःत मग्न कुणी असेल तर तो मी.

तर रोज संध्याकाळी पाच वाजता ती एकटी खाली जाऊन डेअरीतून अर्धा लिटर दूध आणि कढीपत्ता आणायची. ऐकायला एवढंसंच. त्यामागे अडीच वर्षं होती. आधी बायको सोबत, मग बायको दहा पावलं मागे, मग गेटपाशी, मग बाल्कनीत, आणि शेवटी बायको घरात चहा पीत बसलेली, घड्याळाकडे बघत नसल्याचं नाटक करत. दूध जमल्यावर तिने स्वतःहून पुढचं पाऊल टाकलं. दोन सेक्टर पलीकडे एक निवृत्त गृहस्थ पुस्तकबांधणी शिकवतात. शनिवारी ती तिथे एकटी चालत जाऊ लागली. कागदाच्या घड्या, दोरा आणि खळीचा वास. त्या वासाने मला मळमळतं, ती तो मोगऱ्यासारखा हुंगते.

हे सगळं लिफ्टपाशी अडलं. माझ्या आरतीपाशी.

यावर मी काय केलं? मीटर आणला. मी तुर्भ्याच्या एका कारखान्यात सेफ्टी ऑफिसर आहे. आवाज मोजण्याचं यंत्र माझ्या ताब्यात असतं. ते घरी आणलं, लिफ्टमध्ये बसून तीन वेळा वरखाली केलं आणि आकडा वहीत लिहून मुलीसमोर ठेवला. "हे बघ, बासष्ट. आपण दोघं बोलतो तेवढाच आवाज. नियमात आहे."

तिने आकडा नीट वाचला. मग यंत्र उलटंसुलटं करून पाहिलं. "बाबा, याला दुखत नाही," ती म्हणाली आणि ते मला परत दिलं.

बायको स्वयंपाकघरातून म्हणाली, "आता भिंतीलाही विचारून ये. तिलाही दुखत नसेल."

मी म्हटलं, "होईल गं सवय." हा शब्द लक्षात ठेवा.

माझा या बाबतीतला इतिहास काही उज्ज्वल नाही. ती सहा वर्षांची असताना शाळेच्या शर्टाचं लेबल टोचतं म्हणून रडायची. मी ब्लेडने लेबल काढलं, सोबत कॉलरही काढली. ती सात वर्षांची असताना मी ठरवलं की हिला गर्दीची सवय लावायची, आणि रविवारी सीवूड्सच्या मॉलमध्ये नेलं. खाण्याच्या मजल्यावर ट्रे आपटत होते, नंबर पुकारले जात होते, पॉपकॉर्नचा वास, वर पांढरे लख्ख दिवे. ती खाली फरशीवर बसली, मग आडवी झाली, कान दाबून. भोवती माणसं जमली. मी काय सांगितलं? "चक्कर आली. ऊन लागलंय." एसीत. एक आजी म्हणाल्या, कांदा हुंगवा. तेवढ्यात बर्गरवाल्याने कांद्याच्या चकत्यांची प्लेट आणून तिच्या नाकाशी धरली. तेव्हा जी किंकाळी फुटली ती ऐकून कांदा घेऊन तो आत पळाला तो बाहेर आलाच नाही.

घरी आल्यावर तासाभराने ती म्हणाली, "मला चक्कर आली नव्हती. तू खोटं बोललास."

सात वर्षांची होती. आठ वर्षं झाली, हे वाक्य अजून माझ्याकडेच आहे.

नंतर कोपरखैरण्याच्या थेरपिस्ट मॅडमनी आम्हाला समजावलं. म्हणाल्या, मेंदूच्या गेटवर एक वॉचमन असतो. फालतू माणसांना तो खालूनच परत पाठवतो. पंख्याची घरघर, कपड्याचा स्पर्श, यातलं आपल्यापर्यंत काही येत नाही. हिचा वॉचमन कुणालाच अडवत नाही, सगळे एकदम वर येतात. आणि कधी उलटं, खरंच महत्त्वाचं माणूस खाली ताटकळतं. म्हणून गरम तव्याला हात लागला तरी ही पाच मिनिटांनी सांगते. आम्हाला पटलं. आमच्या गेटवरचे दोन्ही वॉचमन असेच आहेत. मुलीला मात्र तो दाखला आवडला नाही. "माझा वॉचमन झोपलेला नाही," ती म्हणाली. "तो प्रत्येकाचं नाव वहीत लिहितो. म्हणून दमतो." मॅडमनी पेन उघडून ते लिहून घेतलं.

तर लिफ्ट तिच्यापुरती बंद म्हणून तिने जिना धरला. अकरा मजले खाली, अकरा वर. कुरकुर नाही. वर आली की चेहरा लाल, पण पिशवी हातात. म्हटलं, चला, व्यायाम होतोय. दोन आठवडे असे गेले आणि मग जिन्यात ऑइलपेंट सुरू झालं. मंजुरीच्या कागदावर सही कुणाची, ते सांगायला नकोच. पहिल्याच दिवशी ती आठव्या मजल्यापर्यंत उतरली, उलटी केली आणि वर परत आली. वरचे मजले, खालचे मजले, असं ते काम दीड महिना चालणार होतं.

त्या संध्याकाळी पाच वाजता ती चपला घालून दारात उभी राहिली. एकदा लिफ्टकडे पाहिलं, एकदा जिन्याकडे. मग चपला काढून कपाटात जागेवर ठेवल्या. दुसऱ्या दिवशी घातल्याच नाहीत. शनिवारी बांधणीच्या सरांचा फोन आला, येत का नाही म्हणून. फोन मी घेतला. माझ्या तोंडात आपोआप आलं, "बरं नाहीये तिला." ती समोरच बसली होती. तिने माझ्याकडे पाहिलं.

सोमवारी कारखान्यात प्रेस शॉपमधला एक जुना कामगार कानाला आवाज अडवणारा मफ न लावता धडधडत्या मशीनपाशी उभा दिसला. मी नेहमीप्रमाणे ओरडलो. तो हसून म्हणाला, "साहेब, सवय झालीय."

"सवय?" माझं वीस वर्षांचं पाठ भाषण सुरू झालं. "सवय बिवय काही होत नसते. नस मरते तुमची, आणि तुम्ही तिला सवय म्हणता! शरीर दुखतंय म्हणून सांगत होतं, आता त्याने सांगायचं सोडलं. यात शहाणपण आहे?" बोलता बोलता मी थांबलो. कामगार वाट बघत होता, कारण पुढची दोन वाक्यं त्यालाही पाठ होती. मी ती म्हटलीच नाहीत. स्टोअरमधून एक पिवळा कानाचा मफ रीतसर सही करून घेतला आणि घरी आणला.

तिने तो लावला, डोकं हलवून पाहिलं. "चांगला आहे," म्हणाली. "पण धून पायातून पण येते. आणि कुठे तुटेल ते कळत नाही. मी वाट बघत राहते. तेच जास्त दुखतं."

म्हणजे कार्डच काढायला हवं होतं. त्यासाठी ठराव हवा. आमच्याकडे कुंडी हलवायलाही ठराव लागतो, आणि हा नियम करणारा महामूर्ख कोण, हे तुम्ही ओळखलं असेलच.

सभा रविवारी सकाळी खाली पार्किंगमध्ये भरली. प्लास्टिकच्या खुर्च्या, गणपतीतला माइक. मुलगी आली. पेंटमधून, नाकाला खळ लावलेला रुमाल बांधून, कानाला पिवळा मफ लावून अकरा मजले उतरली आणि शेवटच्या खांबाला पाठ टेकून उभी राहिली. मी विषय मांडायला उठलो. रात्रभर घोकलं होतं, खरं सांगायचं. आणि तोंड उघडलं तर आवाज आला, "सभासदांनो, त्या धुनीमुळे लिफ्टच्या बोर्डावर लोड येतो आहे..."

"खोटं," मागून आवाज आला.

सगळ्यांनी वळून पाहिलं. कुणीतरी हसलं. ती शांतपणे म्हणाली, "बोर्डावर लोड येत नाही. बाबा, खरं सांग."

मग सांगितलं. आवाज तिला कसा टोचतो, धून मध्येच कशी तुटते, दूध कसं बंद झालं, बांधणीचा वर्ग कसा सुटला. मॉलमधला कांदाही सांगितला. लोक त्याला हसले, मीही हसलो. मग गलका झाला.

तिसऱ्या मजल्यावरच्या काकू उठल्या. "म्हणजे आरती बंद करायची? चालू केलेली आरती बंद करतात का हो कुठे?"

"काकू, ती पूर्ण होतच नाही," मी म्हणालो.

"अर्धी तर अर्धी! देव भावाचा भुकेला."

आठव्या मजल्यावरचा कॉम्प्युटरवाला तरुण म्हणाला, "सर, तुमचा पॉइंट कळतो. पण एकीसाठी साठ घरांनी का ॲडजस्ट करायचं? तिला होईल ना सवय हळूहळू."

आला शब्द. माझाच होता, फिरून माझ्या अंगावर आला.

मी म्हणालो, "सवय लावायला मी पंधरा वर्षं घालवलीत. तिला मिक्सरची सवय लावली, गर्दीची लावली, ट्यूबलाइटची लावली. एकही लागली नाही. ती फक्त सांगायची बंद झाली होती, आणि आम्ही पेढे वाटत होतो. तिचे कान बिघडलेले नाहीत. असे आहेत. तुम्हाला चष्मा काढून वाच म्हटलं तर वाचाल का, सवय होईपर्यंत?"

पहिल्या रांगेतून दहाव्या मजल्यावरचे आजोबा काठी आपटून म्हणाले, "चष्मा लावूनही मला वाचता येत नाही. मजल्याचा आकडा बोलतो म्हणून मी घरी पोचतो. तो बंद केलात तर मी भलत्याच घरात जेवायला बसेन!"

हे माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. मी तर कार्डासोबत स्पीकरची वायरही काढणार होतो. तेवढ्यात मुलगी म्हणाली, "आकडा राहू दे. तो एकदाच येतो आणि पूर्ण येतो. फक्त धून नको."

आजोबांनी आवाजाच्या दिशेला मान वळवली. "मग माझा हात तुझ्या बाजूने," ते म्हणाले आणि काठीच वर केली.

काठी धरूनही आम्ही हरलो. हात मोजले, ठराव नामंजूर. चेअरमननी तसं जाहीर केलं.

इथे तुम्हाला वाटेल, तेवढ्यात मुलीला लिफ्टच्या मोटारीतला बारीक बिघाड ऐकू आला असेल, तिने सगळ्यांचे जीव वाचवले असतील आणि काकूंनी रडत तिला जवळ घेतलं असेल. असलं काही झालं नाही. होण्याची गरजही नाही. विंगमध्ये सुखाने राहण्यासाठी माझ्या पोरीने कुणाचे जीव वाचवायची अट नको. काकूंनी कुणाचा वाचवलाय?

मी मिनिटबुक उघडलं. सेक्रेटरी या नात्याने इतिवृत्त मीच लिहितो. सगळ्यांसमोर मोठ्याने वाचत लिहिलं: "लिफ्टमधील धून बंद करण्याचा ठराव बहुमताने नामंजूर. सेक्रेटरीने हा निर्णय न जुमानता सभा संपताच धून बंद केली." खाली सही.

"अरे, पण अजून केलीच कुठे?" कॉम्प्युटरवाला ओरडला.

"निघालोच," मी म्हणालो.

वरून पेचकस आणला. सेफ्टीवाला असल्यामुळे आधी मेन स्विच बंद केला, 'काम चालू आहे' ही पाटी लावली, हातमोजे घातले. बंडखोर म्हणून माझा वेग फारच कमी होता. अर्धी सभा लिफ्टसमोर जमली. मुलीने स्टूल धरला. मी पॅनेलचे स्क्रू काढत असताना मागून चेअरमन आले. मी मनात म्हटलं, आता आपली सेक्रेटरीगिरी संपली.

ते दारात आडवे उभे राहिले, पाठ माझ्याकडे आणि तोंड लोकांकडे. "काय बगताव?" ते गर्दीला म्हणाले. "ठराव पडला, त्यो मी जाहीर केला. माझा काम झाला. आता मना जरा हितं उभं राहाचा हाय. गुडघं दुखतान." मग मान न वळवता हळूच, "लवकर कर रं. किती येल स्क्रू फिरवतंस? कानाशी कुनी ढोल वाजवला त पोर कशी जगंल?"

कार्ड निघालं. नखाएवढं. महिनाभर माझ्या पोरीची वाट अडवणारी वस्तू, आणि तिच्यावर धूळही नव्हती. स्विच चालू केला. मुलगी आत गेली, मफ गळ्यात उतरवला, तळमजल्याचं बटण दाबलं. सभा खालीच असल्यामुळे लिफ्ट हललीच नाही. आतून आवाज आला, "तळमजला." आजोबा म्हणाले, "बरोबर आहे."

मग तिने अकरा दाबलं, वर जाऊन पिशवी घेऊन खाली आली आणि गर्दीतून वाट काढत गेटबाहेर गेली. पाच वाजले नव्हते. दुपारचा एक वाजला होता आणि डेअरी बंद असते. पण तिला अडवायचं माझ्या अंगात नव्हतं. डेअरीचं शटर पाहून ती परत आली आणि बरोबर पाचला पुन्हा गेली.

माझ्यावर कारणे दाखवा नोटीस निघाली. सोसायटीच्या नोटिसा मीच लिहितो, त्यामुळे मसुदा मी केला, जरा कडक भाषेत. सही करून फळ्यावर लावली. सात दिवसांत खुलासा मागितला होता. मी अजून मला दिलेला नाही, आणि देणारही नाही. कार्ड मात्र काकूंच्या घरी पोचवलं. म्हटलं, टीव्हीला लावा आणि एकदा शेवटपर्यंत ऐका. दुसऱ्या दिवशी त्या म्हणाल्या, "अहो, पुढे किती छान आहे!"

तरी परवा पाच वाजता काकू लिफ्टमध्ये आमच्यासोबत होत्या. मुलगी पिशवी घेऊन कोपऱ्यात, मी दुसऱ्या. लिफ्ट नुसती घरघरत होती. काकू छताकडे बघून उसासा टाकत म्हणाल्या, "काहीही म्हणा, लिफ्ट अगदी सुनी सुनी वाटते."

मी तोंड उघडणार, तेवढ्यात मुलीने काकूंकडे पाहिलं. "सवय होईल," ती म्हणाली, आणि तळमजला आला तशी दुधाला निघून गेली.